पाटीवरचं नाव

लाँचमधून ओस पडलेल्या शेकवू गावाच्या धक्क्यावर दोघंच उतरले: याउ फुकतिंग आणि त्याची चुलत बहीण किउमोई. फुकतिंग सत्तरीचा. इंग्लंडात लीड्समधल्या हॉटेलात पन्नास वर्षं कढया परतून आता रिकामा झालेला. पिशवीत वडिलांच्या नावाची लाकडी पाटी होती, गावच्या पूर्वजघरात मांडायची. “मला आपल्या माणसांत बसव,” एवढंच म्हातारा शेवटी बोलला होता.

पायवाट रानानं गिळली होती. किउमोई कोयत्यानं वेली तोडत पुढे चालली.

“दादा, पाय उचल. साहेबांच्या देशात चालणं विसरलास की काय?”

“तू शहरात राहून विसरली नाहीस, हेच आश्चर्य.”

घरांची छपरं बसली होती. कुळाच्या पूर्वजघराचं कुलूप गंजलेलं. एका फटक्यात तुटलं. आत वाळवीनं लाकडी चौथरा पोखरला होता. पूर्वजांच्या नावांच्या पाट्यांच्या पाचही ओळी कोसळून त्यांचा भुसा झाला होता. फुकतिंग गुडघ्यांवर बसून भुसा चाळत राहिला. हाती आला अक्षर नसलेला एक तुकडा.

“निदान आजोबांचं नाव नव्यानं लिहून घेऊ,” तो म्हणाला. “काय गं होतं?”

किउमोईलाही ठाऊक नव्हतं. थोरल्यांचं नाव घरात कुणी उच्चारायचंच नाही. आजोबा जहाजावर गेले आणि जमैकात वारले. इथे त्यांची कबरही नव्हती. होती ती फक्त पाटी.

तिनं वृद्धाश्रमातल्या किन काकूला फोन लावला. गाव सोडणारी ती शेवटची.

“काकू, आजोबांचं नाव काय होतं?”

“कोण बोलतंय? जेवलीस का?”

“आजोबांचं नाव, काकू!”

“सासऱ्याचं नाव सून घेते होय? वेडी कुठली!” म्हातारी हसली. मग म्हणाली, “आठवत नाही गं पोरी.”

मग फुकतिंगनं इंग्लंडात भावाला फोन करून झोपेतून उठवलं; वंशावळीची वही त्याच्याकडे होती. “ती? घर बदलताना टाकली,” भाऊ म्हणाला. “कुणाला वाचता येत होती?”

किउमोईनं आणलेले तांदळाचे उंडे चौथऱ्यासमोर ठेवले, उदबत्त्या पेटवल्या. कुणाला म्हणून नमस्कार करायचा, तेच कळेना.

“ठेव ना काकांची पाटी,” ती हळूच म्हणाली.

“वाळवीच्या तोंडी देऊ?”

“मग काय करणार?”

“नेतो परत. माझ्यामागं पोरं तीही टाकतील.”

लाँचचा भोंगा वाजला, तरी तो उठेना. शेवटी तिनंच त्याला दंडाला धरून उभं केलं. पाटी पिशवीतच राहिली.