शिकागोचा काळा दगड

अशरफनं टायची गाठ तिसऱ्यांदा सोडली.

"हलू नका हो, हरीभाऊ. मान ताठ ठेवा."

"ताठच आहे. तू गाठ घालतोयस की फास?"

सकाळचे नऊ वाजले होते, तरी जळत्या तेलविहिरींच्या धुरानं कुवेतच्या सालमिया भागात दिवेलागण झाल्यासारखं वाटत होतं. एक्क्याण्णवचा मे महिना होता. खोलीत बल्ब लावून टाय बांधणं चाललं होतं. दहा वाजता हरिश्चंद्र साळव्यांची एका बांधकाम कंपनीत मुलाखत होती. नोकरी लागली तर राहण्याचा परवाना, म्हणजे इकामा मिळणार, आणि इकामा मिळाला तर विजयावहिनी आणि मुलगी परत येणार. नाहीतर पुढच्या विमानानं साळवी देवरुखला. मुलाखत घेणारा इंजिनिअर खुद्द शिकागोचा होता आणि या योगायोगानं हरिश्चंद्र हरखून गेले होते. अशरफला मात्र नेमकी त्याचीच धास्ती होती.

हरिश्चंद्र ड्राफ्ट्समन होते. शिकागोला ते कधी गेले नव्हते, पण तिथल्या इमारतींची त्यांना देवरुखच्या वाटांइतकी माहिती होती. अशरफ ज्या पुस्तकांच्या दुकानात कामाला होता तिथं शिकागोवरचं एक जाडजूड पुस्तक आलं होतं. ते परवडणारं नव्हतं, म्हणून अशरफनं दुकानाच्या मशीनवर अख्ख्या पुस्तकाचं झेरॉक्स काढून दिलं. पुढे इराकी फौजा आल्या, बायकामुलं अम्मानमार्गे मुंबईला गेली, आणि हे दोघे सात महिने याच खोलीत अडकले. तेव्हा रोज दुपारी डाळभात झाला की हरिश्चंद्र अशरफला शिकागोचा एकेक रस्ता फिरवून आणायचे. तिथली जमीन कशी चिखलाची, अख्खी हॉटेलं जॅक लावून कशी वर उचलली, अठराशे एकाहत्तरच्या आगीत शहराची राख कशी झाली, मग लोखंडी सांगाड्यावर दहा मजले कसे चढवले.

आणि मग त्यांचा स्वतःचा शोध. कितीतरी इमारतींवर, दारावर, कारंज्यापाशी, छताखाली, एक काळा चौकोन दिसायचा.

"हा शोकाचा दगड," ते सांगायचे. "शहर जळलं हे विसरू नये म्हणून. नवं बांधलं, पण प्रत्येक मोठ्या इमारतीत एक काळा दगड ठेवला. याला म्हणतात अदब, अशरफ."

ते सगळे दगड अशरफचे होते. परदेशी पुस्तकातली उघडी अंगं काळ्या मार्करनं झाकल्याशिवाय ते फळीवर ठेवायचं नाही, अशी तिथली रीत होती, आणि दुकानात ते काम अशरफकडे होतं. शिकागोच्या बांधणाऱ्यांना विवस्त्र दगडी बायकांचा भारीच सोस. अशरफनं दोन दुपारी त्यात घालवल्या होत्या. वेडंवाकडं काम त्याला आवडत नसे, म्हणून त्यानं फूटपट्टी लावली होती. झेरॉक्समध्ये शाई आणि दगड सारखेच दिसतात.

पहिल्या दिवशी हसू आवरताना सांगायचं राहिलं. दुसऱ्या दिवशी तो सांगणारच होता, पण घरच्यांची काही खबर नसल्यानं आठवडाभर घास न गिळलेल्या हरिश्चंद्रांनी काळ्या दगडाबद्दल बोलता बोलता पुन्हा भात वाढून घेतला. त्यानंतर अशरफचं धाडस झालं नाही.

"हरीभाऊ," तो आता गाठ घट्ट करत म्हणाला, "तिथं दगडाचं नका काढू."

"का?"

"अमेरिकन माणूस. उगाच जुनी आग कशाला?"

"अरे, पुस्तकातलं कोणीही सांगेल. दगड हे माझं निरीक्षण आहे." त्यांनी फाइल थोपटली. आत झेरॉक्स होतं, आणि त्या कंपनीला पुन्हा उभारायच्या एका जळक्या इमारतीचं ड्रॉइंग. त्यात दारावर काळा दगड.

"हरीभाऊ, ते दगड म्हणजे ना—"

खाली टॅक्सीचा हॉर्न वाजला आणि हरिश्चंद्र जिने उतरून गेलेसुद्धा. अशरफला स्वतःचीच भयंकर लाज वाटली.

दुकानात तो दिवसभर पुस्तकांवरची काजळी पुसत राहिला. एकच पुस्तक त्यानं सात वेळा पुसलं. साडेतीनला हरिश्चंद्र दारात आले. टाय खिशात होता.

"लागली?"

"बसू तर दे."

"दगडाचं बोललात?"

"बोललो की. चांगली वीस मिनिटं."

"हसला?"

"छे! ठसका लागला त्याला. जरा जास्तच लागला, डोळ्यांतून पाणी आलं. मग झेरॉक्स मागून घेतलं. एका चित्रावर बोट ठेवून म्हणाला, या दारासमोरून मी लहानपणी रोज शाळेत जायचो."

अशरफनं खाली पाहिलं.

"मग माझं ड्रॉइंग बघितलं. नंतर बराच वेळ खिडकीबाहेर बघत होता. बाहेर काय, धूरच. मग म्हणाला, हा दगड ठेवायचा. शनिवारपासून या." हरिश्चंद्रांनी नाक शिंकरलं. "हां, आणि हे तुला."

त्यांनी खिशातून एक जाड काळा मार्कर काढला.

"पुस्तक ज्यानं दिलं त्याला द्या म्हणाला. हात फार सरळ आहे म्हणे तुझा. मला काही कळलं नाही बाबा."

अशरफनं मार्कर शर्टाच्या खिशाला लावला. त्याला हसूही येत होतं आणि रडूही.

डिसेंबरात विजयावहिनी मुलीला घेऊन आल्या. तोवर आकाश निवळलं होतं. हरिश्चंद्र वहिनींना आणि अशरफला घेऊन त्या इमारतीसमोर उभे राहिले. दारावर काळ्या ग्रॅनाइटचा हातभर चौकोन बसला होता.

"ही शिकागोची पद्धत," ते म्हणाले.

वहिनी नवऱ्याला ओळखून होत्या.

"यांचं सोडा. अशरफभाऊ, तुम्ही सांगा. शिकागोत खरंच असे दगड असतात?"

हरिश्चंद्र त्याच्याकडे पाहत राहिले. अशरफनं मान वर करून चौकोनाच्या चारही कडा नीट पाहिल्या.

"असतात तर, वहिनी. मी माझ्या हातानं बसवलेत."

विजयावहिनी खो खो हसल्या.

"ऐकलंस?" हरिश्चंद्र त्यांना म्हणाले. "रत्नागिरी आणि कुवेत सोडून हा आयुष्यात कुठे गेला नाही!"