दारातला माणूस

"भाऊजी, हे कधी येणार हो?" वहिनींनी फोन जरा लांब धरत विचारलं.

कातरीकाका पानावर बसले होते. "येतील की. पुढे बघत राहा," असं म्हणून त्यांनी घास उचलला आणि तो हातातच राहिला.

कातरीकाका हे काही खरं नाव नव्हे. चित्रपट रिळांवर असायचे तेव्हा ते संकलनाच्या खोलीत खरोखरीची कात्री चालवत. पुढे मालिका आल्या, रिळं गेली, कात्री गेली, नाव मात्र चिकटलं ते चिकटलंच.

दादा त्यांचा थोरला भाऊ. एका जुन्या मालिकेत तो श्रीमंताघरचा म्हातारा नोकर होता. बाईसाहेब बोलायच्या, पोरं भांडायची, सुना रडायच्या आणि दादा दारात उभा राहून ऐकायचा, फार तर हळूच मान हलवायचा. वाक्य त्याच्या वाट्याला क्वचितच यायचं. दिग्दर्शक म्हणायचा, "बोलणारे पैशाला पासरी मिळतात. ऐकणारा माणूस आणायचा कुठून?" खरंच, दादा ऐकायला लागला की समोरच्याच्या बोलण्याला वजन यायचं. मालिका संपली, आणि काही वर्षांनी दादाही गेला. मूलबाळ नव्हतं. वहिनी काकांकडेच राहायला आल्या.

आता काकांच्या कंपनीने तीच मालिका फोनसाठी नव्याने काढायचं ठरवलं. एकेका मिनिटाचे उभे तुकडे, आणि ते कापायचं काम काकांकडे. काकांनी घरी सांगितलं तेव्हा वहिनींनी चष्म्याचा नंबर तपासून आणला. पहिले तुकडे आज दुपारी आले होते आणि त्या अंगठा दुखेपर्यंत पाहत होत्या.

काकांचा घास का अडला, ते सांगायला हवं. कापताना ते चित्र बघतच नसत. संगणकाच्या पडद्यावर खाली आवाजाची रेघ असते. कोणी बोललं की ती उसळते, गप्प झालं की सपाट होते. सपाट दिसलं की काप. कंपनीतल्या मॅडमचा हुकूमच होता, "काका, माणूस गप्प बसला की बघणारा पळतो." काकांचा हात असा बसला होता की डोळे मिटूनही काम झालं असतं. त्या हाताचा त्यांना गर्वही होता. आणि दादाचं सगळं आयुष्य त्या सपाट रेघेवर होतं. उरलासुरला तो चौकटीच्या कडेला असायचा. आडवं चित्र उभं करताना यंत्राने बोलणाऱ्याचा चेहरा मधे घेतला आणि कडा टाकून दिल्या. आपल्या सख्ख्या भावाला आपण पुरतं कापून काढलं आणि आपल्याला पत्ताही लागला नाही, हे त्यांना जेवता जेवता कळलं. ते पानावरून उठले.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात जाताच त्यांनी एका तुकड्यात दादा परत घातला. बाईसाहेबांचं बोलणं संपतं आणि दादा दारात नुसता उभा आहे, एवढंच. मॅडमनी तो तुकडा थोड्या लोकांना दाखवून पाहिला आणि दुपारी काकांना बोलावलं. मॅडम वयाने त्यांच्या मुलीएवढ्या, पण स्वभावाने चांगल्या.

"काका, हे बघा. ही बघणाऱ्यांची रेघ. इथवर लोक आहेत. हे आजोबा आले, की सगळे सुटले."

"दोन क्षण तर आहे तो, मॅडम."

"तुमचे कोणी होते का?"

"भाऊ."

मॅडमनी तो तुकडा परत एकदा लावून पाहिला. मग म्हणाल्या, "मी ठेवला असता हो. पण बघणारेच थांबत नाहीत, त्याला मी काय करू?"

काकांना भांडता आलं नाही. रात्री पडल्या पडल्या ते स्वतः तेच करत. कोणी बोलायला जरा उशीर केला की त्यांचाही अंगठा पुढे सरके. लोकांना कुठल्या तोंडाने नावं ठेवायची? त्यांनी जागेवर जाऊन तो तुकडा उघडला आणि दादाला पुन्हा काढलं. या वेळी नीट बघून काढलं, आणि तेच फार जड गेलं.

संध्याकाळी ते वहिनींना खरं काय ते सांगायचं ठरवूनच घरी आले. वहिनी खिडकीशी बसल्या होत्या.

"वहिनी, एक सांगायचं होतं. दादा त्यात—"

"आधी इकडे या. बसा. सापडले मला."

काका बसले. वहिनींनी फोन त्यांच्यापुढे धरला. उभ्या चौकटीत एकट्या बाईसाहेब. "उद्यापासून या घरात मी एकटीच," त्या म्हणाल्या आणि म्हणता म्हणताच त्यांनी क्षणभर बाजूला नजर टाकली. तिथे चौकट संपत होती.

"बघितलंत? ह्यांच्याकडे बघतायत त्या. हे तिथे दारात आहेत."

काका कडेला बघेपर्यंत तुकडा पुढे गेला होता.

"तुम्ही फार भरभर बघता, भाऊजी. थांबा, परत लावते."

बाईसाहेब पुन्हा बोलल्या. त्यांची नजर बाजूला गेली, तशी वहिनींनी फोनवरून डोळे न काढता दादासारखी हळूच मान हलवली.