नवसाबाईच्या दारची बोराटी

"गुरजी, नीट पाहा. माझं नाव असनच."

देवराम गुरुजींनी मतदारयादीवरून पुन्हा बोट फिरवलं. नवसाबाईच्या नावापुढे 'स्थलांतरित' लिहिलं होतं, आणि अक्षर त्यांचंच होतं.

दोन हजार चारचा एप्रिल. पेठकडच्या त्या पाड्यावर मतदानाचा दिवस म्हणजे जत्राच. बाया केसांना चोपडून तेल लावून, ठेवणीतली लुगडी नेसून शाळेपुढे रांग धरायच्या, आणि नवसाबाई सगळ्यांच्या पुढे. पंच्याण्णवला ओळखपत्र काढताना ती इतकी हसली की फोटोवाल्याला तीनदा फोटो घ्यावा लागला. ते दिवस आठवले की गुरुजींना अजून भरून येतं. त्या दिवशी मात्र त्यांना मान वर करवेना.

"माघात यादी तपासायला आलो होतो, बाई. घरात कोणी नाही, चूल गार. वाटलं, गाव सोडलंत."

"द्राक्षाच्या मळ्यात व्हते ना, नाशकाकडं. दरसाल जातो. दाराला बोराटी व्हती का नाय?"

"होती."

"मंग? सोडून जाणारा बोराटी कशाला लावील? परत यायचं हाय म्हनून तर लावायची!"

गुरुजी चांदवडचे. दाराला कुलूप नाही, बोरीची काटेरी फांदी आडवी टाकलेली, म्हणजे घर ओस पडलं, असं त्यांनी आपल्या मनानेच ठरवलं होतं. नऊ वर्षं इथे नोकरी केली, पण शाळा ते एसटीचा थांबा एवढाच पाडा त्यांनी पाहिला होता. त्यांना स्वतःची लाज वाटली.

"मळ्यावर म्हनत्यात, तुमचं मत तुमच्या गावाला. गावात यावं तर तुमी म्हनता, गेली. मंग मी हाय तरी कुठं?"

मतदान संपेपर्यंत ती चिंचेखाली बसून राहिली, कोरं बोट पदराखाली झाकून.

गुरुजींनी स्वतः तिचा अर्ज भरला, तहसिलीत तीन खेटे घातले. दिवाळीआधी विधानसभेचं मतदान झालं, तेव्हा ती पुन्हा रांगेत पहिली. बाहेर येऊन तिने शाईचं बोट त्यांच्या नाकासमोर धरलं.

"घ्या. हाय मी!"

त्या हिवाळ्यात तिच्या दाराला बोराटी दिसली, तेव्हा गुरुजींनी यादीत लिहिलं, 'कामाला गेली, परत येणार.' तहसिलीतले साहेब चिडले. चिडू देत.

आखाजीला, अक्षय्य तृतीयेच्या सणाला, सगळा पाडा परतला. नवसाबाईच्या दाराची बोराटी तशीच राहिली.

"मळ्यावरच गेली, गुरजी. तापानं," तिची जाऊ भागीबाई म्हणाली. "नाव कमी कराया लागन ना?"

"लागेल."

नवसाबाईच्याच ओट्यावर बसून त्यांनी 'मयत' लिहिलं. उठताना पाहिलं तर वाऱ्याने बोराटी एका अंगाला सरकली होती. गुरुजींनी यादी काखेत धरली, दोन्ही हातांनी ती फांदी उचलली आणि पुन्हा दाराला नीट आडवी लावली.