पाठीवर 'घसा' लिहिलेली पट्टी

मित्रांनो, मला हातात घ्याल तेव्हा आधी माझी पाठ बघा. चंदेरी कागदावर निळ्या पेनाने 'घसा' असं लिहिलेलं दिसेल. अक्षर मोठं सुबक आहे. ते ज्याचं आहे, त्याच्यावर मी वर्षभर डूख धरून होते. माझ्या पोटात आता एकच गोळी उरली आहे, पण राग अजून पाच गोळ्यांचा आहे.

जन्मले तेव्हा मी पुरी होते. कारखान्यात तोंड झाकलेल्या माणसांनी माझ्या पाच घरांत पाच गोळ्या बसवल्या. घसा सुजवणारे, त्यात पू करणारे जंतू मारणं हे आमचं काम. रोज एक, असे पाच दिवस. पहिल्या दोन-तीन दिवसांत लेचेपेचे जंतू मरतात आणि माणसाला बरं वाटू लागतं. उरतात ते चिवट. त्यांच्यासाठी शेवटच्या गोळ्या असतात. हे माझ्यासारख्या पट्टीला कळतं, माणसाला कळत नाही.

मागच्या हिवाळ्यात विश्रांतवाडीच्या एका औषधांच्या दुकानातून रामदास मला घरी घेऊन आले. सरकारी दवाखान्याच्या भांडारात त्यांनी तीस वर्षं कारकुनी केली होती. औषधांची खोकी मोजता मोजता आपण अर्धे डॉक्टर झालो, असा त्यांचा समज झाला होता. घसा दुखत होता म्हणून खऱ्या डॉक्टरांनी त्यांना पाच गोळ्या लिहून दिल्या. तीन घेतल्या आणि चौथ्या दिवशी गृहस्थ खणखणीत आवाजात बायकोला म्हणाले, "सुंदरा, मी ठणठणीत आहे. आता कशाला उगाच औषध पोटात घालायचं? राहू दे, कुणाच्या तरी उपयोगी पडेल."

त्यांनी पेन काढलं, माझ्या पाठीवर 'घसा' लिहिलं आणि मला श्रीखंडाच्या रिकाम्या डब्यात टाकलं.

त्या डब्यात कोण कोण होतं म्हणून सांगू! 'पोट' होती, 'ताप' होती, 'लघवी' होती. एकीच्या पाठीवर नुसतं 'चांगली गोळी' असं लिहिलेलं. सगळ्या अर्धवट, सगळ्या चिडलेल्या. इमारतीत कुणी शिंकलं की रामदास डबा उघडत आणि अवयव वाचून गोळी देत. दोन याला, एक तिला. लोक त्यांना 'डॉक्टरसाहेब' म्हणत आणि ते खुलत. एक-दोन गोळ्यांनी जंतू मरत नाहीत. ते नुसते आम्हाला बघून घेतात आणि पुढच्या वेळी ओळखतात. मी अंधारात पडून एकच घोकत होते: रामदास, एक दिवस तुला माझी गरज लागेल. त्या दिवशी मी तुझ्या कामाला येणार नाही.

तो दिवस आला, पण आजारी पडले ते रामदास नव्हते. आजारी पडली त्यांची नात मैत्री.

मैत्री आठ वर्षांची. तिचा आवाज आख्ख्या इमारतीला ठाऊक, कारण जिन्यातून येताना ती दुसऱ्या मजल्यापासून गात यायची. डब्यातल्या आम्हाला तेवढंच गाणं मिळायचं. एका रविवारी ती न गाता आली. ताप होता, घास गिळवत नव्हता. आईवडील एका लग्नासाठी नाशिकला गेलेले. रामदासांनी डबा उघडला, पाठी वाचल्या आणि मला उचललं.

"अहो, डॉक्टरांना दाखवू या ना," सुंदराबाई म्हणाल्या.

"मी आहे ना घरात! लहान मूल आहे, अर्धी पुरे."

त्यांनी माझी एक गोळी सुरीने कापली. अर्धी रविवारी, अर्धी सोमवारी. मी आतून कुत्सितपणे हसले. दे, म्हटलं, खुशाल दे.

मंगळवारी मैत्रीला थुंकीही गिळवेना. तिची आई शर्मिला परत आली ती थेट तिला घेऊन डॉक्टर पद्मजांकडे गेली. रामदासही बरोबर होते आणि मी त्यांच्या सदऱ्याच्या खिशात होते. मला वाटेत कुठेतरी फेकून द्यावं म्हणून त्यांनी मला खिशात घातलं होतं. पण त्या माणसाने जन्मात कधी औषध फेकलं नव्हतं. कचऱ्याच्या डब्याशी दोनदा थांबले, दोन्ही वेळा हात खिशातून रिकामा बाहेर आला.

डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "घरातलं काही औषध दिलंय का?"

शर्मिलाने सासऱ्यांकडे पाहिलं. रामदास म्हणाले, "छे! फक्त हळदीचं दूध."

मी खिशात होते, त्यांच्या छातीला लागून. छाती धडधडत होती आणि माणूस खोटं बोलत होता.

मैत्रीला तान्हेपणी पेनिसिलिनने पुरळ आलं होतं, असं तिच्या फाईलमध्ये लिहिलेलं होतं. त्यामुळे ते टाळून बाईंनी माझ्याच जातीचं पातळ औषध लिहून दिलं. घशातला नमुना तपासायला पाठवला, त्याचा रिपोर्ट शुक्रवारी येणार होता. माझी जात या जंतूंसमोर आधीच दोन दिवस हरली आहे, हे बाईंना कुणी सांगितलंच नाही. मग काय, तेच औषध, तेच जंतू आणि आणखी दोन दिवस.

गुरुवारी सकाळी मैत्रीला रुग्णालयात दाखल केलं. टॉन्सिलमागे गळू झालं होतं. तोंड बोटभरही उघडत नव्हतं. लाळ गळत होती, मान एका बाजूला वाकडी झाली होती. सूज वाढली तर श्वास अडेल, असं बाई शर्मिलाला हलक्या आवाजात म्हणाल्या. जिन्यातून गाणारी ती पोर नुसती डोळे फिरवत पडली होती.

खरं सांगते, तोपर्यंत माझा सूड मला गोड लागत होता. त्या पलंगाकडे बघून तो कडू झाला. मी रामदासांच्या जिवावर टपले होते, या पोरीच्या नाही. पण राग विरला नाही. उलट दुप्पट झाला, कारण आता तो दोघींचा होता.

बाई पुन्हा म्हणाल्या, "रिपोर्ट उद्या येईल, पण मला तेवढा वेळ नाही. दोन दिवस देऊनही औषध अजिबात लागू पडत नाहीये. आधी काही दिलं असेल तर आत्ता सांगा."

रामदासांनी खिशावर हात दाबून धरला.

मैत्रीने हात हलवून पेन मागितलं. केसपेपरच्या मागच्या बाजूला तिने वाकडंतिकडं लिहिलं: 'आजोबांनी अर्धी अर्धी गोळी दिली. खिशात आहे.'

मित्रांनो, वर्षभर मी या क्षणाची वाट बघितली होती. शर्मिलाने हात पुढे केला. "बाबा, काढा." रामदासांनी मला बाहेर काढलं. बाईंनी मला उलटं केलं आणि मोठ्याने वाचलं, "घसा." मग रामदासांकडे बघून म्हणाल्या, "अक्षर छान आहे आपलं."

त्या चार शब्दांनी माणूस खाली बसला. सुनेसमोर, नातीसमोर, भिंतीला टेकून. मला हवं होतं ते सगळं मिळालं.

पुढे बाईंनी वेळ घालवला नाही. आधी ॲलर्जीची तपासणी करून, जवळ उभं राहून मैत्रीला पेनिसिलिन दिलं. पुरळ आलं नाही. तान्हेपणीचं ते पुरळ दुसऱ्याच कशाचं तरी असावं. गळूतला पू काढला. शुक्रवारी रिपोर्ट आला. माझ्या नावापुढे लिहिलं होतं की हे जंतू मला जुमानत नाहीत. पेनिसिलिनपुढे मात्र ते अजून मरत होते. "तुमच्या डब्यामुळेच झालं असं मी म्हणू शकत नाही," बाई म्हणाल्या. "पण असे डबे घरोघरी आहेत." त्या सभ्य आहेत. मी नाही. मी म्हणते, झालं.

मैत्री घरी आली ती दहा दिवसांचं औषध घेऊन. रोज ठरल्या वेळी रामदास तिच्यासमोर औषध धरून उभे असत. ती पाचव्या दिवशी गाऊ लागली, तरी ते सहाव्या दिवशी उभे होते आणि दहाव्याही. मला त्या नव्या औषधाचा हेवा वाटला. असं पुरं संपायचं भाग्य मला मिळालं नाही.

डब्यातल्या माझ्या बहिणी त्यांनी रुग्णालयात जमा केल्या. मला मात्र ठेवून घेतलं आणि दाराच्या आतल्या बाजूला चिकटपट्टीने लावलं, पाठ बाहेर करून. दार उघडताना त्यांना रोज स्वतःचं अक्षर दिसतं. दिसू दे.

परवा वरच्या मजल्यावरच्या चंद्रभागाबाई आल्या. "डॉक्टरसाहेब, घशाची एखादी गोळी आहे का हो?"

रामदासांनी माझ्याकडे पाहिलं. "आहे," ते म्हणाले. "पण देणार नाही. आणि मला डॉक्टरसाहेब म्हणू नका. चला, चपला घाला, मी दवाखान्यात येतो बरोबर."

मित्रांनो, रामदासांना मी अजून माफ केलेलं नाही. तुमच्या कपाटात, फ्रिजवर, आईच्या पर्समध्ये माझी एखादी अर्धवट बहीण नक्की पडली असेल. आज जाऊन बघा. ती गप्प असेल, पण विसरलेली नसेल. आणि तिचा दिवस येईल तेव्हा घसा कुणाचा असेल, ते तिच्याही हातात नसेल.