वाडग्याच्या काठावरची बाई

तुकडा पहिला

गुरुवारी दुपारी रफीक वफ्राच्या शेतमळ्यांवरून चार दिवसांनी ट्रक घेऊन आला, तो दारातूनच ओरडत. "अगो बिल्कीस, झाला! सफियाचा विझा झाला!"

सहा वर्षांची सफिया दाभोळला आजीकडे होती. आखातात आल्यापासून दोन वर्षं आईबापांनी तिला पाहिलं नव्हतं.

बिल्कीसने तोंड उघडलं. तोवर त्याने मिठाईचा पुडा तिच्या हातात कोंबलाही होता. "चल, आधी लैलाबाईंचं तोंड गोड करू."

तुकडा दुसरा

सोमवारी दाभोळहून बिल्कीसला दिराचं पत्र आलं होतं. बोटीच्या टपालात कुठेतरी अडकून उशिरा पोचलेलं. पोरीला ताप. तिसऱ्या दिवशी संपलं. रफीकला सांभाळून सांग.

तुकडा तिसरा

सापडलेला नाही. सोमवार ते गुरुवार बिल्कीसने घरात एकटीने काय केलं, ते त्यात असावं.

तुकडा चौथा

"या उम्म सफिया!" शेजारच्या लैलाबाईंनी दार उघडलं. मुलांच्या नावावरून आईला उम्म, बापाला अबू म्हणायची त्यांची रीत. बिल्कीसने चौकट धरली.

लैलाबाई मुलींच्या शाळेत इतिहास शिकवायच्या. गाव गाझाच्या उत्तरेचं इस्दूद, अठ्ठेचाळीसच्या लढाईत सुटलेलं. कपाटावर चार बोटं उंचीची मातीची बाई उभी होती. चिमटीने काढलेलं नाक, दोन्ही हात डोक्यावर.

"डोकं दुखतंय वाटतं हिचं," रफीक म्हणाला.

लैलाबाई हसल्या नाहीत. "बाबांना नांगरताना मिळाली. तीन हजार वर्षांपूर्वीच्या पलिष्टी लोकांची. ते समुद्रापलीकडून आमच्या किनाऱ्यावर आले. पुढे आमच्यासारखेच झाले, पण मेलेल्यासाठी रडायची तऱ्हा जुन्या मुलखातून आणलेली. वाडग्याच्या काठावर अशा चार-पाच बाया चिकटवायच्या आणि वाडगा मयताजवळ ठेवायचा, असं म्हणतात."

"म्हणजे मातीच्या बाया रडणार? माणसं काय करत होती?"

"माणसं रडून घरी जातात, अबू सफिया. त्यांना स्वयंपाक असतो. माझ्या आईला आम्ही गाझाच्या वाटेवर पुरलं आणि पुढे चालू लागलो. तिच्याजवळ कोणी थांबलं नाही."

बिल्कीसने बाई उचलली. तळाशी खुंटी होती, वाडग्यावरून तुटलेली.

"ही मला द्याल?"

"वेडी का काय तू!" रफीक म्हणाला. "बापाची आठवण आहे त्यांच्या. काय करणारेस?"

"सफियाजवळ ठेवायचीय."

"अगो, मयतावर रडणारी बाई ती. पोरीजवळ कशाला..."

लैलाबाईंनी मिठाईची बशी खाली ठेवली. बिल्कीसच्या मुठीत मातीचं डोकं गच्च होतं.

"कधी?" रफीकने विचारलं.

"तुम्ही विझाचा अर्ज भरलात ना, त्याच्या आदल्या शुक्रवारी, जुम्याला."

रफीक आजपासून मागे बोटांवर जुमे मोजू लागला. मध्येच चुकला. पुन्हा पहिल्यापासून मोजू लागला.