बेचाळिसावं नाव

"भाऊ, एवढं करा. काही लिहू नका," दुभाष्याची बायको फोनवर म्हणाली, आणि पस्तीस वर्षं लिहिण्यावरच पोट भरलेल्या वार्ताहराने हातातलं पेन खाली ठेवलं.

दुभाष्या म्हणजे त्याचा परदेशातला उजवा हात. एकोणीस वर्षं वार्ताहर विमानाने तिथे जायचा. दुभाष्या त्याला गाडीतून फिरवायचा, लोकांना बोलतं करायचा, कुठल्या चौकीवर गप्प बसायचं ते सांगायचा. बातमी वार्ताहराच्या नावाने छापून यायची. दुभाष्याचं नाव कुठेही घ्यायचं नाही, हे पहिल्या दिवशीच ठरलं होतं. वार्ताहर चार दिवसांत घरी परतणार. दुभाष्याला तिथेच रोज सकाळी दूध आणायला बाहेर पडायचं होतं.

मग वार्ताहर निवृत्त झाला. निरोपाचा लेख लिहिताना त्याला गहिवरून आलं. ज्याच्या जिवावर आपण नाव कमावलं, त्याचं नाव एकदा तरी छापून यायला नको? त्याने ते छापलं, आडनावासकट. वर कौतुकाने कात्रणही पाठवलं. "फोटो टाकला नाहीत, हे उपकार झाले," एवढंच उत्तर आलं. वार्ताहर मनापासून हसला. तिसऱ्या आठवड्यात दुभाष्याला राहत्या घरातून उचललं.

निवृत्तीनंतर वार्ताहर छळ झालेल्या पत्रकारांसाठी भांडणाऱ्या समितीचं काम बघत होता. भांडायचं म्हणजे पत्रं लिहायची. ती सरकारांकडे जात आणि सरकारं न चुकता पोच पाठवत. पोचेची भाषा अत्यंत सभ्य असे.

"साहेब लोक म्हणालेत, बाहेर बोभाटा झाला नाही तर वर्षभरात सोडू," दुभाष्याची बायको फोनवर सांगत होती.

"आणि शब्द पाळला नाही तर?"

"तर नाही पाळला. तुमच्याकडे दुसरं काही आहे का?"

त्याच्याकडे पोचांची फाइल होती.

"तुमच्यावर राग नाही ह्यांचा," ती म्हणाली. "परवा मी तुरुंगात भेटायला गेले, तर विचारत होते, लेख आवडला का लोकांना."

समितीच्या वार्षिक सभेत तुरुंगातल्या पत्रकारांची नावं उभं राहून मोठ्याने वाचायची पद्धत होती. यंदाच्या बेचाळीस नावांत दुभाष्याचं नाव नवीन होतं, आणि ते सर्वांत आधी घ्यायचं, असं अध्यक्षबाईंनी ठरवून टाकलं होतं. नावं दडवायला समिती काढली का, असं त्यांनी त्याला तोंडावर विचारलं. प्रश्न रास्त होता. तोच प्रश्न त्याने आयुष्यभर संपादकांना, वकिलांना, मंत्र्यांना विचारला होता. आता तो तासभर उलट बाजूने भांडला. आपलं बरोबर आहे की नाही, हे त्याला भांडून झाल्यावरही कळलं नाही. शेवटी बाई थकल्या आणि नाव यादीतून वगळलं गेलं.

सभेत यादी त्यानेच वाचली. एक्केचाळीस नावं झाल्यावर तो कागद हातात धरून तसाच उभा राहिला. म्हाताऱ्याला दम लागला असेल, असं वाटून कुणीतरी पाण्याचा पेला पुढे केला. तो प्यायला आणि खाली उतरला.

चहाच्या वेळी खजिनदार खुशीत जवळ आले.

"गेल्या साली बेचाळीस होती. म्हणजे एक कमी झालं की. अहवालात घालतो, समितीच्या प्रयत्नांना यश म्हणून. चालेल ना?"

"घाला," वार्ताहर म्हणाला.

खजिनदारांनी तिथल्या तिथे लिहून घेतलं. वार्ताहर भरलेला कप हातात घेऊन, तो ठेवायला जागा शोधू लागला. समोरचं टेबल रिकामंच होतं.