पोस्टकार्डाएवढी शर्यत

तांडेलाच्या पोराला बोट लागते ही गोष्ट दांडी गावात कुणी मोठ्याने बोलत नसे, आणि म्हणूनच ती शेंबड्या पोरापासून सगळ्यांना ठाऊक होती. बोटीने दोन हेलकावे खाल्ले न खाल्ले तोच विश्रामच्या पोटात कालवाकालव सुरू व्हायची, तोंडाला पाणी सुटायचं, आणि सकाळी खाल्लेली भाकरी दर्याच्या स्वाधीन व्हायची. बाप धर्माजी बोटीचा तांडेल, ज्याच्या हातात सुकाणू असलं की बाकीचे निवांत झोपायचे. आणि त्याच्या पोटी हे रत्न! देवाला थट्टा सुचली की अशी सुचते बघा.

उपाय काय थोडे झाले? आवळासुपारी झाली, लिंबू झालं, ताईत झाला. एका आत्याने तर बेंबीला हिंग चोपडून बोटीत बसवलं. सगळ्या बोटीला हिंगाचा वास लागला, आणि विश्रामला बोट लागायची ती लागलीच. शेवटी धर्माजीने हात टेकले आणि पोराला शिकायला घातलं. पोरगा हुशार. शिकला, कॉम्प्युटरचा कोर्स केला, आणि बोईसरला स्टेशनरोडवर झुंबरसरांच्या क्लासमध्ये शिकवायला लागला. पायाखाली पक्की फरशी, डोक्यावर पंखा, दर्या तासाभराच्या अंतरावर. आणखी काय पाहिजे माणसाला?

पाहिजे होती सोमी. घोडं तिथेच अडलं.

सोमी दांडीचीच, पंढरी वैतीची पोर. बोलायला फटकळ, हसायला मोकळी. तिने क्लासला नाव घातलं ते कॉम्प्युटर शिकायला की मास्तरला बघायला, हे विचारायची कुणाची छाती नव्हती. दोघांचं जुळलं. धर्माजीच्या बायकोने पंढरीच्या घरी शब्द टाकला. पंढरी स्वतः बोट विकून बर्फाच्या कारखान्यात लागला होता, त्याला कितीतरी वर्षं झाली होती, पण तोंडाने अजून भर दर्यात होता. तो धर्माजीच्या ओट्यावर येऊन बसला, चहा प्यायला, आणि सगळ्यांदेखत विश्रामला म्हणाला, "पोरा, तू गुणाचा हायेस. पण नारळी पुनवेला तुमच्या बोटीतून नारळ सोडायचा मान कुणाचा?"

"तांडेलाच्या पोराचा," विश्राम म्हणाला.

"आणि सोडतो कोण?"

सोडायचा चिंतू, त्याचा चुलतभाऊ. विश्राम त्या वेळी किनाऱ्यावर बायकांच्या घोळक्यात आईच्या डोक्यावर छत्री धरून उभा असायचा.

"छत्री धरणाऱ्याला मी पोरगी देणार नाय," पंढरीने कप खाली ठेवला. "या पुनवेला तू नारळ सोड. मी बोटीत असेन. पोटातलं पोटात ऱ्हायलं, तर सोमी तुझी. नाय तर केळव्याचं स्थळ बघून ठेवलंय मी."

पुनव महिन्यावर आली होती. झालं! विश्रामची झोप उडाली. नुसतं 'नारळ' म्हटलं तरी त्याच्या पोटात गोळा यायला लागला.

त्यात क्लासमध्ये निराळीच तऱ्हा. साल अठ्ठ्याण्णव. झुंबरसर नगरकडचे, आधी कारखान्यात होते, आणि त्यांचं म्हणणं असं की नुसती एबीसीडी टायपायला कोण कुत्रं येतंय? म्हणून शेवटचा अर्धा तास खेळाचा. मोटारींच्या शर्यतीचा एक खेळ त्यांनी कुठूनसा फ्लॉपीवर आणला होता. खेळ चालू केला की तो अख्खा पडदा व्यापायचा, या कडेपासून त्या कडेपर्यंत नुसता रस्ता, वळणं, अंगावर येणारी झाडं. पोरं आरडाओरडा करायची. आणि विश्राममास्तर? मास्तर भिंतीकडे तोंड करून कॅलेंडर वाचत उभे. कारण दोन वळणं बघितली की त्यांच्या पोटात तीच कालवाकालव. गाडी लागते, बोट लागते, हे जगाने ऐकलंय. पण खुर्चीत बसल्या बसल्या कॉम्प्युटर लागलेला माणूस तारापूर पट्ट्यात हा पहिलाच असावा.

"मास्तर, तुमी त्या कॅलेंडरात रोज काय वाचता वो?" झुंबरसरांनी एकदा विचारलं.

"सुट्ट्या," विश्राम म्हणाला. बिचाऱ्याला दुसरं काय सुचणार!

असं चाललं होतं. एके दिवशी पोरं खेळून पांगली आणि सोमी एकटी मशीनवर राहिली. तिची दांडीची एस.टी. यायची होती.

"मास्तर, इकडं बघ जरा," तिने हाक मारली. क्लासमध्ये कुणी नसलं की मास्तरचा लगेच 'तू' व्हायचा. "ही गाडी सारखी झाडाला धडकते. कशी वळवायची?"

आता आली का पंचाईत! नाही म्हणावं तर कारण सांगावं लागणार. विश्रामने दात आवळले, श्वास रोखला आणि तिच्या खुर्चीमागे जाऊन उभा राहिला. एक वळण गेलं. दुसरं गेलं. तिसऱ्याला सोमी झाडाला धडकली, खिदळली आणि पुन्हा निघाली. विश्राम वाट बघत होता. आता पोट ढवळेल, मग ढवळेल. पण पोट आपलं शांत! त्याने पोटावर हात ठेवून खात्री केली.

मग त्याच्या लक्षात आलं. खेळ अख्ख्या पडद्यावर नव्हताच. पडद्याच्या मध्यावर पोस्टकार्डाएवढ्या चौकटीत गाड्या पळत होत्या, थोड्या रेंगाळतच, आणि चौकटीच्या बाहेर सगळीकडे ती ओळखीची निळी-हिरवी पार्श्वभूमी, तिच्यावरची चित्रं, खाली कोपऱ्यात घड्याळ. सगळं जागच्या जागी.

"हा बारका कसा झाला?"

"मी केला. ऑल्ट आणि एंटर एकदम दाबलं की व्हतो. तूच तर शिकवलंस नव्हं?" सोमी म्हणाली. "मोठा ठेवला की खालचं घड्याळ दिसत नाय. परवा माझी एस.टी. गेली, तारापूरपर्यंत टमटमने गेले आणि पुढं चालत. आयशीने असली झापलीय! तवापासून मी खेळ बारका करूनच खेळते. शर्यत पण बघायची आणि घड्याळ पण बघायचं."

सोमी एस.टी.ला पळाली. विश्रामने दार लोटून घेतलं आणि खुर्चीत बसला. खेळ मोठा केला. दोन वळणांत तोंडाला पाणी. बारका केला, पाच मिनिटांत बरं वाटलं. पुन्हा मोठा, पुन्हा बारका. झुंबरसर कुलूप लावायला आले तेव्हा मास्तर घामाघूम होऊन शर्यत खेळत होते आणि एकटेच हसत होते.

"सर, सगळं हलत असलं की मला लागतं. कडेला काहीतरी थांबलेलं दिसलं की नाय लागत!"

"आता हे बरं झालं," झुंबरसर म्हणाले. "पर आवं, शर्यतीत तर तुमी शेवटून पयले आलाय!"

येईना का! विश्राम एस.टी.त बसला आणि गाडी सुटता सुटता त्याला लख्ख आठवलं. अकरा वर्षांचा होता तो. बोटीत पहिल्यांदा ओकला तेव्हा बापाने खांदा धरून सांगितलं होतं, "किनारा बघ, पोरा. पाण्यात बघू नको, किनारा बघ." त्याने मान वर करून बघितलं होतं, आणि किनाऱ्यावर अख्खा गाव त्याला हसत होता. तेव्हापासून बोटीत बसला की त्याची मान जी खाली जायची ती फळ्यांवर. फळ्या हलतात, जाळं हलतं, बुडाचं पाणी हलतं. शरमेने बिचाऱ्याने सगळं हलणारं तेवढं बघितलं आणि थांबलेलं एक ते बघितलं नाही.

घरी गेल्या गेल्या त्याने हे धर्माजीला सांगितलं, कॉम्प्युटरसकट. धर्माजी जाळं विणत होता. त्याने सुई थांबवली.

"म्हणजे मी बोंबलून सांगितलं ते तुला पटलं नाय, आणि त्या डबड्याने सांगितलं ते पटलं?"

"बाबा, वर बघितलं की लोक हसताना दिसायचे."

धर्माजीने जाळ्याची एक गाठ उगाच ओढून बघितली. मग म्हणाला, "मला वाटायचं तुला दर्या आवडत नाय." आणि पुन्हा सुई चालवायला लागला, पण त्याचे टाके चुकत होते.

पुनवेच्या आदल्या दिवशी विश्रामने सोमीला गाठलं. "किनाऱ्यावर सगळे नाचतात, उड्या मारतात. मी कुणाकडं बघू? तू एका जागी उभी रहा. मी तुझ्याकडं बघीन. पण काय वाट्टेल ते झालं तरी हलायचं नाय."

"एवढंच ना?" सोमी म्हणाली. "खांबासारखी उभी ऱ्हाते बघ."

पुनवेला बोट सजली. पताका लागल्या, बँजो वाजायला लागला, नारळाला सोनेरी कागद चढला. ओहोटीचं पाणी फिरून भरती चढायला लागली तशी बोट निघाली. श्रावणातला दर्या तो, काय सरळ असतोय! खडकांच्या पुढे गेल्याबरोबर बोटीने असा झोका घेतला की चिंतूने आपणहून विश्रामच्या दंडाला धरलं. "मी सोडू का नारळ? कुणाला कळणार नाय."

पंढरी मागे बसून टक लावून बघत होता. त्याला कळणार होतं.

विश्रामची मान सवयीने खाली गेली. फळ्या वरखाली झाल्या, तोंडाला पाणी सुटलं. मेलो, त्याच्या मनात आलं. आणि मग त्याने जिवाच्या कराराने मान वर केली.

किनारा दिसला. ज्या गावाच्या हसण्याने त्याचं अख्खं आभाळ भरून गेलं होतं, तो गाव केवढा? पोस्टकार्डाएवढा! वर माडांची रांग, खाली वाळूची पट्टी, मध्ये मुंग्यांएवढी माणसं. कोण हसतंय, कोण नाचतंय, काही कळत नव्हतं. आणि सगळ्यांच्या पुढे, पाण्याच्या कडेला, एक पिवळा ठिपका. सोमीची साडी. तो ठिपका हलत नव्हता.

विश्रामने नजर तिथे रोवली. बोट चढली, उतरली, कलंडली, ठिपका तिथेच. पोट दोनदा कुरकुरलं आणि गप बसलं. तो नाळीवर, म्हणजे बोटीच्या पुढच्या टोकावर गेला, दोन्ही हातांत नारळ धरला.

"सोड!" धर्माजी सुकाणूवरून ओरडला.

नारळ पाण्यावर पडला, बुडला आणि लखलखत वर आला. चिंतूने शीळ घातली. विश्राम मोठ्याने हसला, बोटीत पहिल्यांदाच. आता बघू दे पंढरीला, म्हणून त्याने मागे वळून पाहिलं.

पंढरी बघत नव्हता. बर्फाच्या कारखान्यात इतकी वर्षं सपाट जमिनीवर काढलेला पंढरी वैती बोटीच्या कडेवर ओणवा होऊन दर्याला सकाळच्या नारळीभातासह सगळा हिशोब देत होता.

"पंढरीकाका," विश्रामने जाऊन त्याची पाठ चोळली, "पाण्यात बघू नका. किनारा बघा."

"पोरगी दिली!" पंढरी कळवळून म्हणाला. "दिली म्हणतो ना! पण आता बोट मागं घे रे बाबा!"

धर्माजी इतका हसला की सुकाणू चिंतूला धरावं लागलं.

बोट परतली तेव्हा भरती अगदी भरात होती. लोक कधीच मागे सरून माडांखाली गेले होते. वाळूची पट्टी नाहीशी झाली होती. आणि जिथे वाळू होती तिथे, कमरेएवढ्या पाण्यात, पिवळी साडी भिजून चिंब झालेली, लाटांचे तडाखे खात सोमी उभी होती. तिची आई किनाऱ्यावरून बोंबलत होती, "कार्टे, मागं ये! खुळी झालीस काय!" पण सोमी ढिम्म.

विश्रामने बोटीतून उडी मारली. पोटाची नाही की पाण्याची नाही, कसलीच पर्वा न करता तो धडपडत तिच्याजवळ पोचला.

"अगं, कोळ्याची पोर ना तू? भरती येणार हे ठाऊक नव्हतं?"

"ठाऊक व्हतं की," सोमी म्हणाली. थंडीने तिचे दात वाजत होते. "पण तू सांगितलं व्हतंस ना, काय वाट्टेल ते झालं तरी हलायचं नाय म्हणून. माझ्या नव्या चपला गेल्या वाहून. आता तरी हलू का?"

विश्रामने मान डोलावली आणि तिचा हात धरला. लाट आली, दोघांच्या डोक्यावरून गेली, आणि अख्खा गाव किनाऱ्यावर उभा राहून त्यांना खो खो हसत होता. विश्रामने मान वर केली आणि गावाकडे बघून तोही हसायला लागला.